कुणी गोविंद घ्या

मी एक जुना वरवंटा आहे. दगडाने रागवावे की नाही, हे मला नीट कळत नाही. कदाचित माझेच चुकत असेल. पण मित्रांनो, आज मी फार रागावलो आहे.

आंबिवलीच्या एका पाथरवटाने मला घडवले. कलावती नवी नवरी होती तेव्हा तिच्या नवऱ्याने, दामाजीने, मला घरी आणले. रोजचे वाटण करता करता तिच्या तळव्यांनी माझी दोन्ही टोके गुळगुळीत झाली. पुढे मिक्सर आला. मानपाड्याच्या फ्लॅटमध्ये बाल्कनीचे दार आपटू नये म्हणून मला खाली लावून ठेवले. त्याचे मला काही वाटले नाही.

आज कलावतीच्या नातीच्या, प्राप्तीच्या बाळाचे बारसे. बारशाला बाळाच्या आधी पाळण्याचा मान वरवंट्याचा. मला आंघोळ घातली, टोपडे चढवले, कुंकू लावले. आता समोरासमोर उभ्या राहून बायका "कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या" म्हणत मला पाळण्यावरून एकमेकींच्या हातात देणार होत्या.

"आई, तुम्ही जरा आत बसता का?" तिची सून, प्राप्तीची आई सुमती हळूच म्हणाली. "सवाष्णीच लागतात ना."

दामाजी गेला, म्हणून कलावतीला मज्जाव. ती उठून आत गेली. दगडाला टोपडे आणि तिला आतली खोली! असला मान जळो.

"आजी कुठेय?" प्राप्तीने विचारले.

"अगं, चालत नाही," सुमती म्हणाली.

"चालत नाही काय? रोज बाळाला तेल लावून न्हाऊ घालते, ते चालतं ना?"

"हळू बोल गं, सगळे ऐकतायत."

"ऐकू देत. आजी येत नाही तोवर बाळ पाळण्यात जाणार नाही."

प्राप्तीने बाळ खांद्यावर घेतले, आजीला हाताला धरून बाहेर आणले.

"नको गं बाई," कलावती म्हणाली. "उद्या पोराला साधी सर्दी झाली तरी माझ्यावर येईल."

"येऊ दे. मी आहे ना."

आता कलावतीने मला पाळण्यावर धरले आहे. "कुणी गोविंद घ्या," ती म्हणाली. पलीकडे नटलेल्या बायका उभ्या आहेत. एक मोबाईल चाळते आहे, बाकीच्या सुमतीकडे बघत आहेत. सुमतीने हात पदरात घेतले आहेत.

मित्रांनो, मी जड आहे. ती मला अजून पुढे धरून उभी आहे. पलीकडच्या घोळक्यात तुमची आई असेल, मावशी असेल, काकू असेल. ढकला तिला पुढे. अहो, कुणीतरी मला घ्या!