उंबऱ्यावरची बोटं

ताईबाईने नवी घागर मोरीत खळखळून विसळली, काठावर टिचकी मारून तिचा आवाज ऐकला आणि ती नातीच्या हातात दिली.

"घट धर माय, पडी जाई ना!"

"पडी जाई ना!" सात वर्षांची मेघा खिदळली आणि घागर पोटाशी कवटाळून दाराकडे निघाली. "पडी जाई, पडी जाई!"

आखाजीची, म्हणजे अक्षय्य तृतीयेची सकाळ होती. घरातल्या गेलेल्या माणसांना जेवायला बोलवायचा दिवस. सून चारुलता आत सांजोऱ्या तळत होती आणि नवल दारात बसून ओल्या फडक्याने उंबरा पुसत होता. तिचा नवरा प्रेमराज गेल्यानंतर तीन वर्षांत मुलगा पहिल्यांदाच आखाजीला घरी आलेला. चार दिवसांनी ही सगळी पुन्हा कॅनडात जाणार होती. या चार दिवसांत नातीला द्यायला ताईबाईजवळ होतं तरी काय? कपडे तिच्याकडे पोत्याने होते, खेळण्यांना घर पुरत नव्हतं. तिच्या तोंडात आपले चार शब्द पडावेत, एवढीच म्हातारीची हाव.

नवलने फडकं पिळलं.

"आई, तिच्याशी नीट मराठीत बोल ना. आधीच शाळेत फ्रेंच, बाहेर इंग्रजी. त्यात हे अहिराणी कशाला? उगाच चुकीचं शिकेल."

ताईबाईला आधी वाटलं, आपण नीट ऐकलं नाही. मग तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

कारण कालच संध्याकाळी शेजारचे गिरधर नाना आले होते आणि हाच नवल दोन तास बोलत होता. मॉन्ट्रियल म्हणे केवढं मोठं शहर, पण हे राहतात तो त्याच्या पूर्वेचा आंजू नावाचा भाग. आपलं पिंप्राळा कसं जळगावात गेलं, तसंच तेही कधीकाळी वेगळं गाव होतं, शहराने गिळलं. पण तिथल्या लोकांनी बोली सोडली नाही. पाट्या फ्रेंच, शाळा फ्रेंच. पाववाल्या बाईने नवलला पावाचं नाव तीनदा म्हणायला लावलं, नीट आलं तेव्हाच पाव दिला. "असा अभिमान पाहिजे, नाना!" असं म्हणून त्याने मांडीवर थाप मारली होती. चहाचे कप उचलताना ताईबाईलासुद्धा ती न पाहिलेली पाववाली आवडून गेली होती.

आणि आज हे!

"तठली बाई तिनी बोली बोलस त्ये अभिमान," ती कमरेवर हात ठेवून म्हणाली, "आनि मी मनी बोली बोलस त्ये चूक? हाई कोठला न्याव शे रे?"

"आई, तसं नाही. फ्रेंच ही भाषा आहे."

"मंग हाई काय शे? कुत्रानं भुकनं?"

चारुलता झारा हातात घेऊनच बाहेर आली. "अहो, आज तरी नको ना," ती नवलला म्हणाली. नवल पुन्हा उंबरा पुसू लागला, पण चेहऱ्यावरचा भाव काही बदलला नाही. शिकलेल्या माणसाचा तो समजूतदार चेहरा. समोरच्याला कळत नाही, आपणच सोडून द्यावं, असा. ताईबाईला त्या चेहऱ्याचाच जास्त राग आला. ज्या बोलीत याला न्हाऊमाखू घातलं, तापात रात्र रात्र मांडीवर घेतलं, ती आता पोरीला लागू नये म्हणून लांब ठेवायची? गोवराची साथ आहे का ती?

तिने रागारागातच घागर पाण्याने भरली. तिच्यावर छोटं मडकं ठेवलं, मडक्यावर खरबूज, सांजोरी, दोन आंबे मांडले. कुंकू कालवून वाटी नवलपुढे आदळली. उंबऱ्यावर कुंकवाचं एकेक बोट ओढायचं आणि एकेका पितराला नाव घेऊन बोलवायचं, हे काम आता त्याचं होतं. मेघा त्याला चिकटून बसली.

"पहिलं तुना बापनं," ताईबाई म्हणाली. मुद्दाम अहिराणीतच.

"प्रेमराज," नवलने बोट ओढलं. "बाबा, जेवायला या."

"आज्यानं. पुना."

"पुना आजोबा, जेवायला या."

"तुनी आजीनं. सुपडाबाई."

नवलचं बोट वाटीतच थांबलं. तो जरासा हसला.

"ही आजी माझ्याशी कधी बोललेली आठवतच नाही बघ. नुसती डोक्यावरून हात फिरवायची, गुळाचा खडा द्यायची आणि उठून जायची. मला कितीतरी वर्षं वाटायचं, मी तिला आवडत नाही."

"का नव्हती बोलत?" मेघाने विचारलं.

नवलने खांदे उडवले आणि आईकडे पाहिलं.

ताईबाईच्या जिभेवर सकाळपासून चढलेलं सगळं एकदम उतरलं. अमळनेरकडचं खेडं सोडून ते पिंप्राळ्यात आले, तेव्हा नवल पाच वर्षांचा होता. शाळेतल्या बाई म्हणाल्या होत्या, घरात असं बोलत असाल तर याचं कठीण आहे. त्या दिवसापासून 'माय' म्हणणाऱ्या पोराला तिने 'आई' म्हणायला लावलं. स्वतः शेजारणींचं ऐकून ऐकून शुद्ध बोलायला शिकली. आणि चुलीपुढे बसलेल्या सासूला तिने सांगितलं होतं, पोऱ्यासमोर तोंड उघडू नका. म्हातारी भांडली नाही. तिने तोंड उघडलंच नाही, सहा वर्षं, मरेपर्यंत. पोराचा पहिला नंबर आल्याचे पेढे घरात वाटले, तेव्हाही नाही.

"सांग ना," मेघा म्हणाली.

ताईबाई बोलली ती बँकेत बोलायची तशा स्वच्छ मराठीत.

"त्यांना शुद्ध बोलता येत नव्हतं, बाळा. म्हणून मीच त्यांना तुझ्या बाबाशी बोलू दिलं नाही."

आत कढईतलं तेल चुरचुरत होतं. नवलने कुंकवाची वाटी हळूच आईपुढे सरकवली.

"हिला तू बोलव," तो म्हणाला. "तिला समजेल असं."

ताईबाई गुडघ्यावर हात टेकत खाली बसली. तिने बोट बुडवलं, प्रेमराज आणि पुनाच्या शेजारी तिसरी रेघ ओढली. मेघा तिच्या तोंडाकडे बघत होती. ताईबाईने तोंड उघडलं, पण सासूला हाक मारायला तिच्या घशातून आवाजच निघेना.