कॅप्टनचं ओझं कुणी वाहिलं?

आमच्या कांचापाम्पा गावात स्थापना-दिन जवळ आला, की शाळेत एक भांडण ठरलेलं. नाटकात कॅप्टन कोण होणार? पत्र्याचं शिरस्त्राण एकच, लाकडी तलवार एकच, आणि उमेदवार वर्गभर. घोड्याचं काम मिळालं तरी पोरं रुसायची. हमाल व्हायला मात्र कुणीच हात वर करत नसे. ती मुलं मास्तर स्वतः निवडत, आणि का कोण जाणे, ती वरच्या वाडीचीच निघत. थंडीवाऱ्याने गाल फुटलेली, वामान नाहीतर किस्पे अशा इथल्या मूळ रहिवाशांच्या आडनावांची. गोणपाट पांघरायचं, पाठीवर ओझं घ्यायचं आणि अनवाणी कॅप्टनच्या मागे चालत राहायचं. बोलायचं काहीच नाही. कुणाच्या आईने विचारलंच तर मास्तर हसून म्हणत, "अहो, त्यांना सवय असते."

आणि आपण गावकरी वर्षानुवर्षं टाळ्या वाजवत आलो.

ही गोष्ट घडली त्या वर्षीचं नाटक रोसाउरा व्हिवांकोच्या नव्या पुस्तकावरून बसत होतं. रोसाउरा म्हणजे आमच्या खोऱ्यातली मुलांची लाडकी लेखिका. समुद्र ओलांडून आलेले स्पॅनिश कॅप्टन, त्यांच्यामागून आलेले राजप्रतिनिधी, शहरं वसवणारे सरदार, अशा सगळ्यांची तिने मुलांसाठी चरित्रं लिहिली होती. पातळ, रंगीत, मोठ्या अक्षरांची पुस्तकं. खोऱ्यातल्या निम्म्या पोरांना वाचनाची गोडी लागली ती त्यांच्यामुळे, हे तिच्यावर टीका करणारेही कबूल करत. आता नगरपालिकेने तिला आपल्याच गावाच्या संस्थापकाचं, कॅप्टन बेल्त्रान दे ओलिव्हारचं चरित्र लिहायला सांगितलं होतं. हस्तलिखित तयार होतं, छापखान्यात जायचं तेवढं बाकी होतं.

नाटकाची तालीम बघायला म्हणून रोसाउरा एका सकाळी शाळेत गेली. नगराध्यक्षांचा नातू फाब्रिसियो कॅप्टन झाला होता. तो बाकावर चढला आणि तलवार उपसून ओरडला, "हा डोंगर मी जिंकला! ही नदी मी ओलांडली!"

मागून ओझ्याखाली वाकलेली चार पोरं आली. त्यातली सगळ्यात पुढची नोएमी वामान. रोसाउरा तिला ओळखत होती. तिची पुस्तकं वाचून वाचून या मुलीने पानं मऊ करून टाकली होती. तालीम थांबली तशी नोएमी तिच्याजवळ आली.

"ताई, माझं नाव काय?"

"नोएमी ना गं? विसरेन का मी?"

"तसं नाही. नाटकातलं. मी जी झालेय, तिचं."

"तू हमाल आहेस बाळ."

"ते काम झालं. नाव काय?"

रोसाउरा अडखळली. "नाव असं काही... पुस्तकात दिलेलं नाही."

"तिचं नाव गाढव नंबर दोन!" फाब्रिसियो बाकावरून म्हणाला. वर्ग खदखदून हसला. मास्तरांनी "गप्प बसा रे" म्हटलं खरं, पण त्यांच्याही मिशा हलत होत्या. नोएमीने पाठीवरचं ओझं उतरवलं, गोणपाटाची नीट घडी घातली, ते बाकावर ठेवलं आणि ती वर्गाबाहेर निघून गेली. रडली नाही. रडली असती तर रोसाउराला तिची समजूत घालता आली असती.

रविवारच्या बाजारात नोएमीची आई फेलिसितास बटाटे विकायला बसे. रोसाउरा समोर दिसताच तिने बाजूचं गाठोडं सोडून तिच्यापुढे ठेवलं. आत रोसाउराचीच पुस्तकं होती.

"शाळेत परत द्यायची होती. तुम्हीच भेटलात, बरं झालं."

"नोएमी रागावलीय माझ्यावर?"

"राग कसला ताई. तिला आता वाचायची नाहीत, एवढंच." फेलिसितासने एक गिऱ्हाईक उरकलं आणि मग हळूच म्हणाली, "पोर म्हणते, एवढे डोंगर चढले तुमचे कॅप्टन, पण पुस्तकात कुणाला घाम आलेला नाही."

त्या दिवशी रोसाउराला जेवण गेलं नाही. मनातल्या मनात ती भांडत होती. मी काही खोटं लिहिलंय का? कॅप्टनने डोंगर ओलांडला, ही खरीच गोष्ट आहे. मुलांना धाडसाच्या गोष्टी नकोत का? भांडण काही केल्या मिटेना, तेव्हा तिने हस्तलिखित उचललं आणि ती ओबदुलियाबाईंकडे गेली.

ओबदुलियाबाईंनी रोसाउराला अक्षरओळख करून दिली होती. नंतर तिचे निबंध तपासले आणि तिच्या पहिल्या पुस्तकासाठी प्रकाशकाशी भांडणही केलं. आता त्यांची दृष्टी जवळजवळ गेली होती, पण कान तिखट आणि जीभ त्याहून तिखट होती. त्यांनी डोंगरी पुदिन्याचा चहा टाकला, भाजलेल्या मक्याची वाटी पुढे सरकवली आणि म्हणाल्या, "वाच. मध्ये कुठे गाळू नकोस. मला कळतं."

रोसाउराने आधी नोएमीची हकीकत सांगितली आणि मग सगळं वाचून दाखवलं. समुद्र, वादळ, डोंगर, नदी आणि शेवटी गावाची स्थापना. बाई कान देऊन ऐकत होत्या.

"छान लिहिलंयस. वाक्य कसं पळतं तुझं! आता एक सांग. या अख्ख्या पुस्तकात हा माणूस कुणाला 'उपकार झाले' असं एकदा तरी म्हणतो का?"

रोसाउराने मनाशी पानं चाळली. "नाही बाई."

"का? स्वतः स्वयंपाक करायचा?"

"नाही."

"वाट त्याला माहीत होती? इथली भाषा येत होती? नदीवरचा गवताच्या दोरांचा पूल त्याने वळला होता?"

"पूल आधीपासून होता. वरच्या वाडीच्या लोकांचा."

"मग 'त्याने नदी ओलांडली' हे खरं, पण अर्धंच. आपण घरात पोराला पाव हातात घेण्याआधी पाववाल्याचे आभार मानायला शिकवतो. नाही मानले तर टपली मारतो. आणि वाचायला देतो असा थोर पुरुष, जो जन्मात कुणाचे आभार मानत नाही. मग पोरं कुणाचं ऐकणार? आपल्या टपलीचं, की त्या तलवारीचं?"

रोसाउरा म्हणाली, "हल्लीची तरुण मंडळी म्हणतात, ही पुस्तकं फेकूनच द्या. कॅप्टन म्हणजे सैतान असं सरळ लिहा."

"लिही की. पण त्याला राक्षस केलंस तरी गोष्ट त्याचीच राहिली. नोएमीची कुठे झाली? ती मागून चालतेच आहे ओझं घेऊन."

"पण बाई, त्या हमालांची नावं कुणीच लिहून ठेवली नाहीत. मी आणू कुठून?"

"मग तसंच लिही. 'यांची नावं आपल्याला माहीत नाहीत, कारण कुणी विचारली नाहीत.' मुलांना 'माहीत नाही' सांगायला लाज कसली? नावं गेली, पण कामं तर ठाऊक आहेत." बाईंनी चाचपडत तिचा हात धरला. "आणि एक ऐक. त्यांनी सगळं खुशीने दिलं, असलं गोड काही लिहू नकोस. कोठारं लुटली, माणसं दोरखंडाने बांधून नेली. हिसकावून घेतलेल्याचे आभार मानायचे, तर आधी हिसकावलं असं तोंडाने म्हणावं लागतं. नाहीतर ते आभार नव्हेत, थट्टा आहे."

रोसाउराच्या डोळ्यांत पाणी आलं. बाईंना ते दिसणार नव्हतं, तरी त्या म्हणाल्या, "पूस ते, आणि चहा गार करू नकोस."

रोसाउरा हस्तलिखित घेऊन वरच्या वाडीवर गेली. जून म्हणजे आमच्याकडे ऐन हिवाळा, कडाक्याची थंडी होती. माळावर पसरलेले बटाटे रात्रीच्या गारठ्याने गोठले होते, आणि फेलिसितास, तिच्या जावा आणि शेजारणी ते अनवाणी पायांनी तुडवून त्यांतलं पाणी काढत होत्या. असे वाळवलेले बटाटे वर्षानुवर्षं टिकतात. कॅप्टनची फौजही डोंगर चढली होती ती याच शिदोरीवर. रोसाउराने जन्मभर हे बटाटे खाल्ले होते, पण तुडवताना पाहिले नव्हते. तिने बूट काढले. पहिल्याच पावलाला तिची किंकाळी उठली आणि बायका हसून हसून लोळल्या.

"लेखणीपेक्षा गार आहे ना ताई?" फेलिसितास म्हणाली.

नोएमी दूर उभी राहून बघत होती. रोसाउरा तिच्याजवळ जाऊन म्हणाली, "मी पुस्तक पुन्हा लिहितेय. पूल, शिदोरी, दुभाषी, हमाल, सगळे येतील. पण तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही. हमालाचं नाव मला सापडत नाही, आणि सापडणारही नाही."

नोएमीने विचार केला. "मग माझं देऊ?"

"म्हणजे?"

"तिला नाव नाही ना? माझं वापरू दे तिला. नाटकापुरतं."

रोसाउराने तिला जवळ घेतलं.

मास्तरांनी नवा मजकूर दोनदा वाचला. मग खिडकीबाहेर बघत ते म्हणाले, "सवय असते, असं मी किती जणांना म्हटलं असेन हो." एवढंच बोलून त्यांनी तालमीला घंटा दिली. नगराध्यक्ष रिगोबेर्तोसाहेब मात्र भडकले.

"स्थापना-दिन कॅप्टनचा, आणि पुस्तक हमालांचं? लोक मला काय म्हणतील?"

"कॅप्टन आहे साहेब. पहिल्या पानापासून शेवटपर्यंत आहे. फक्त एकटा नाही."

"हे छापणार नाही मी."

"नका छापू. जुनं मी देणार नाही," रोसाउरा म्हणाली. पुढची कामंही नगरपालिकेच्याच हातात होती. पण शब्द बाहेर पडल्यावर तिला फार हलकं वाटलं.

पुस्तक छापणं नगरपालिकेच्या हाती, पण नाटक शाळेचं; मास्तरांनी ते नव्या मजकुरावरूनच बसवलं. स्थापना-दिनी चौक माणसांनी भरला होता. पहिल्या रांगेत नगराध्यक्ष आणि त्यांची म्हातारी आई, एका बाजूला खुर्चीत ओबदुलियाबाई. फाब्रिसियो शिरस्त्राण घालून आला, 'हा डोंगर मी जिंकला!' म्हणून झालं. मग हमाल आले, पण या वेळी ते मागून गेले नाहीत. कॅप्टनच्या पुढे येऊन थांबले. नोएमीने ओझं टेकवलं.

"मी नोएमी वामान. माझ्यासारखी कुणीतरी हे ओझं घेऊन हा डोंगर चढली. तिला बांधून आणलं होतं. तिचं नाव कुणी विचारलं नाही, म्हणून आज मी तिला माझं देते."

मग दुसरा पुढे आला, मग तिसरी. नगराध्यक्षांनी घसा खाकरला, तशी त्यांच्या आईने त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "गप ऐक. तुझा आजोबा खाणीच्या वाटेवर ओझीच वाहायचा. मी कुणाला सांगितलं नव्हतं, कारण तुला लाज वाटेल असं मला वाटायचं."

रिगोबेर्तोसाहेबांनी मान खाली घातली. पुस्तक पुढे त्यांनीच छापलं. पहिल्या पानावर स्वतःचा फोटो घातला, ते वेगळं. माणूस एका दिवसात किती बदलणार?

नाटक संपल्यावर मुलांनी ओझी सोडली. वरच्या वाडीच्या बायांनी त्यांत खरोखरच ते तुडवून वाळवलेले बटाटे उकडून भरून दिले होते, अजून ऊन ऊन, शेजारी चीज-मिरचीच्या चटणीचं भांडं. चौकात पानं मांडली गेली. फाब्रिसियोने शिरस्त्राण काढून बगलेत धरलं आणि नोएमीसमोर ताटली करून उभा राहिला. कुणी शिकवलं नव्हतं, तरी म्हणाला, "उपकार झाले." मग कान लाल होत, "आणि ते गाढवाचं... चुकलं माझं."

"बटाटा गरम आहे, जपून खा," नोएमी म्हणाली.

रोसाउरा ओबदुलियाबाईंसाठी ताटली घेऊन गेली. बाईंनी वास घेतला, एक घास खाल्ला आणि विचारलं, "कुणाच्या शेतातले गं?"

रोसाउरा परत गेली आणि विचारून आली. "फेलिसितासच्या. तुडवले तिने, तिच्या जाऊबाईंनी, शेजारच्या युलियानाने. आणि बाई, थोडे मीसुद्धा."

"मग आधी त्यांना सांगून ये," बाई म्हणाल्या.

आणि रोसाउरा पुन्हा गर्दीतून वाट काढत गेली, एकेकीचं नाव घेऊन आभार मानायला.

गावकऱ्यांनो, मुलांच्या हाती थोरांची चरित्रं जरूर द्या. पण वाचून झालं की त्यांना एवढंच विचारा: याचं ओझं कुणी वाहिलं, याला जेवू कुणी घातलं, आणि ते मागून घेतलं की हिसकावून? एकट्याने डोंगर ओलांडलेला माणूस अजून जन्मायचा आहे. ज्यांच्या पाठीवर बसून आपण इथवर आलो, त्यांची नावं शोधावीत. सापडली नाहीत, तर निदान त्यांची आठवण काढताना उभं राहावं.