वृषाली मॅडमचा चोरीचा गेम

वृषालीने पेनड्राइव्ह काउंटरवर ठेवला आणि दुकानात दुसरं कोणी नाही ना, हे मागे वळून पाहिलं. काउंटरपलीकडचा भूपेंद्र तिचाच जुना विद्यार्थी. कॉपी करताना पकडून तिनेच त्याला परीक्षेतून उठवलं होतं. आता अख्ख्या पांढुर्ण्याला कॉम्प्युटरचे चोरीचे गेम तोच भरून देत होता.

"डोंगरावरून उड्या मारायचा दे," ती म्हणाली. "एकदम खराखुरा वाटणारा. पोरगा दिवसभर उठला नाही पाहिजे."

"ओरिजिनल नाही हा, मॅडम. कधी मधातच अटकते."

"माहीत आहे मला."

भूपेंद्रने मान खाली घालून हसू लपवलं. हसू दे मेल्याला. उद्या पोळ्याचा दुसरा दिवस, म्हणजे गोटमार. जाम नदीच्या दोन्ही काठांवरून दिवसभर एकमेकांवर दगड चालणार. तिथेच तिच्या नवऱ्याचा, सुरेशचा, एक डोळा गेला. तरी काळा चष्मा लावून स्वारी दरवर्षी काठावर हजर. यंदा पोराला, मंगेशलाही उतरवणार म्हणून गावभर सांगत सुटला होता.

दुसऱ्या दिवशी मंगेश सकाळीच कॉम्प्युटरपुढे बसला. वृषाली निवडलेलेच तांदूळ पुन्हा निवडत राहिली. नदीकडून आरडाओरडा ऐकू आला की तिचा तांदळातला हात थांबायचा. खोलीतून गेममधल्या वाऱ्याचा घोंघावता आवाज आला की जीव भांड्यात पडायचा. चोरीचा तर चोरीचा, पोरगं घरात आहे. पण दुपार झाली तरी त्याने चहासुद्धा मागितला नाही, तेव्हा तिला राहवेना.

तिने दार ढकललं. पडद्यावर कड्यावरून उडी मारलेला माणूस हवेतच लटकला होता. ही प्रत खरी नाही, अशी इंग्रजी पाटी मधोमध आली होती. वारा तेवढा वाजत होता. मंगेश पायात बूट घालून, नाड्या आवळून खुर्चीच्या कडेवर बसला होता.

"केव्हाचा बंद पडला?"

"पहिल्याच उडीत."

"मग करून काय राहिला तू?"

त्याने बुटाची नाडी सोडून पुन्हा बांधली.

"बाबाचा फोन येऊन राहिला सारखा. गेम संपला की येतो म्हणतो मी." मग अगदी हळू म्हणाला, "मले भेव लागते, आई."

त्याला पोटाशी धरावं असं तिला फार वाटलं. तेवढ्यात फोन वाजला. तिनेच उचलला.

"खेळून राहिला तो," ती म्हणाली. "मी नाही उठवत त्याले."

पलीकडे नुसता गलका. सुरेश काठापासून थोडा दूर गेला असावा, कारण गलका कमी झाला.

"खेळू दे मंग," तो म्हणाला. "अन् दार लावून घे."