नाकवाल्याचं नाक

ढब्बूनं डायपर भरला होता आणि तो साधासुधा भरला नव्हता. सुनेला वास आला तेव्हा ती दोन खोल्या पलीकडे कपड्यांच्या घड्या घालत होती. हातातली चादर टाकून ती पळत आली. पाहते तर सासरे नातीला कडेवर घेऊन खिडकीशी उभे होते, रस्त्यावरच्या गाड्या दाखवत होते आणि चेहऱ्यावर असं समाधान, की जणू अत्तराच्या दुकानात उभे आहेत.

सून जागच्या जागी थबकली. एरवी हा माणूस जिन्यातूनच ओरडायचा, "पोरीचं बदला कुणीतरी." दुधानं तळ धरायच्या आधी गॅस बंद करायला सांगायचा. त्याच्या नाकाच्या जिवावर तर हे घर चाललं होतं.

चौकात त्यांची कोळशावर भाजलेल्या चिकनची गाडी होती. गाडीवर रंगवलेलं नाव काही का असेना, गावभर तिला 'नाकवाला' म्हणत. कारण सासरे चिकन बघून भाजतच नसत. मसाला मुळातच काळपट, तो लावलेल्या तुकड्याच्या रंगावरून काही कळायचं नाही. सासरे जाळीकडे पाठ करून रांगेशी गप्पा मारायचे. मध्येच बोलणं तोडून नाक वर करायचे, म्हणायचे, "फिरला वास," आणि वळून चिमट्यानं तुकडे उलटायचे. नेमक्या वेळी. लोक चिकनइतकेच ते बघायला यायचे.

सून शिकलेली. ढब्बू झाल्यापासून तिचं वाचन एकाच दिशेनं चाललं होतं, ते म्हणजे कशानं काय होऊ शकतं. कच्च्या चिकननं काय होऊ शकतं, हे तर तिला पाठ होतं. म्हणून तिनं आधी खात्री करून घेतली. सासरे पेपर वाचत असताना त्यांच्या खुर्चीमागे व्हिनेगरची बाटली उघडून धरली. त्यांनी पान उलटलं. मग तिनं मुद्दाम कांदा करपवला. त्यांनी विचारलं, चहा झाला का?

कांदा खरवडता खरवडता ती मागचं आठवू लागली. आठवड्यापूर्वी ढब्बूला सर्दी झाली होती, ती ढब्बूनं आजोबांना दिली होती, आणि ढब्बूला ती झाली होती कारण आपण तिला कानटोपी न घालता गॅलरीत नेलं. म्हणजे गाडी बुडाली तर ती आपल्यामुळे. एवढा हिशेब तिनं कांदा पातेल्यातून खरवडून काढेपर्यंत पुरा केला.

तिनं सासऱ्यांना गाठलं ते कोळशाची पोती ठेवायच्या खोलीत. आधी त्यांनी कानावर हात ठेवले. मग ती डायपरबद्दल बोलली, तेव्हा ते पोत्यावर बसले.

"काहीच येत नाही गं," ते म्हणाले. "पोत्यात तोंड घातल्यासारखं वाटतं. काल एक तुकडा हाडाशी लाल गेला. मी दोष कोळशावर ढकलला."

ते गुपचूप नाकाच्या डॉक्टरांकडे जाऊन आले होते. त्यांनी सांगितलं होतं, येईल परत, कधी ते सांगता येत नाही. तोवर गाडी बंद ठेवू या, असं सुनेनं सुचवलं. त्यावर सासऱ्यांनी तिच्याकडे असं पाहिलं, की तिनंच वाक्य गिळलं. नाकवाल्याचं नाक गेलं हे एकदा चौकात कळलं, की लोक दुसऱ्या दिवशी हळहळतील आणि तिसऱ्या दिवशी दुसरीकडे जेवतील. आणि सासूला तर मुळीच कळता कामा नये. ती त्यांना घरी बसवेल, मऊ भात खायला घालेल आणि चिमटा मुलाच्या हातात देईल. मुलगा, म्हणजे सुनेचा नवरा, तुकडे फार सुरेख तोडायचा. पण भाजायला दिलं तर त्यानं पाणीसुद्धा करपवलं असतं.

तेव्हा ठरलं ते असं: सुनेनं ढब्बूला घेऊन गाडीजवळ उभं राहायचं. वास फिरला, की ढब्बूची पाठ थोपटायची. थोपटलं, की सासऱ्यांनी नाक वर करायचं आणि तुकडे उलटायचे.

आता ढब्बूच्या अंगावर धूर येऊ द्यायचा हे सुनेच्या तत्त्वात बसणारं नव्हतं. ओलं बोट हवेत धरून तिनं बेकरीच्या पायरीवर अशी जागा शोधली, की वास येईल पण धूर येणार नाही. वारा बदलला की तीही बदलायची. बेकरीवाली म्हणाली, तुमची सून छपरावरच्या वारा दाखवणाऱ्या कोंबड्यासारखी फिरते. रांगेत बायका कौतुकानं बघायच्या, पोरीला किती थोपटते. सासू मात्र सॉसच्या पातेल्यामागून टोमणे मारायची, की आम्हीही मुलं वाढवली, पण चौकात आणून बडवली नाहीत.

दोन-तीन संध्याकाळी छान गेल्या. चिकन चोख भाजलं जात होतं. सुनेला तर वाटू लागलं, की आपण बापजन्मी एवढं उपयोगी पडलो नव्हतो. एकच गोष्ट तिला खुपत होती. ती थोपटायच्या जरा आधीच सासऱ्यांचं नाक कधीकधी वर जायचं. नाक परत येतंय की काय?

मग आला शनिवार. रांग बेकरीच्या पुढे गेलेली. जाळी काठोकाठ भरलेली. सासरे पाठ करून दाताच्या डॉक्टरांना कसली तरी गोष्ट सांगत होते. हे डॉक्टर गाडीचे सगळ्यात जुने गिऱ्हाईक, पहिल्या नंबरासाठी दवाखाना लवकर बंद करणारे. आणि नेमकी तेव्हाच ढब्बूला ढेकर अडकून उचकी लागली.

उचकी म्हटल्यावर सुनेच्या डोक्यातून चिकन गेलं, सासरे गेले, चौक गेला. ती पाठ थोपटू लागली. सासऱ्यांनी गोष्ट तोडली, म्हणाले, "फिरला वास," आणि सगळे तुकडे उलटले. नुकतेच ठेवलेले, अजून गुलाबी. त्याच क्षणी सासूनं पळी सॉसच्या पातेल्यावर टणटण आपटली. सासऱ्यांनी पुन्हा उलटले. सुनेनं थोपटलं, त्यांनी उलटले. सासूनं जोरात आपटली, त्यांनी उलटले. ढब्बू उचकी देत होती, पातेलं वाजत होतं आणि तुकडे हवेत उडत होते. सगळी रांग मान वर-खाली करून बघत होती.

सुनेच्या ध्यानात आलं, पळीसुद्धा खूणच होती. तिनं सासूकडे पाहिलं. सासूनं तिच्याकडे पाहिलं.

"तुला पण सांगितलं यांनी?" सासू म्हणाली.

"तुम्हाला कळू द्यायचं नव्हतं ना, आई."

"आणि मला म्हणाले, सुनेला सांगू नकोस, काळजीनं तिचं दूध आटेल."

दोघी मग सासऱ्यांकडे वळल्या. त्यांच्या चिमट्यात एक तंगडी लोंबत होती.

"काका," डॉक्टर म्हणाले, "आज काय चाललंय?"

सासऱ्यांनी चिमटा खाली ठेवला. सुनेला वाटलं, ते आता कोळशाचं नाव घेतील. पण ते रांगेकडे तोंड करून सरळ उभे राहिले.

"माझं नाक गेलंय," ते म्हणाले. "आठवडा झाला. इतके दिवस या दोघींच्या नाकानं भाजतोय. ज्याला जायचं त्यानं जावं."

कोणी हललं नाही. ढब्बूनं एक उचकी दिली. सुनेनं तिला घट्ट धरलं आणि मनात म्हटलं, झालं, बुडालं सगळं.

मग दाताचे डॉक्टर पुढे झाले. चष्मा कपाळावर सरकवून त्यांनी जाळीवर वाकून हुंगलं. "अजून वेळ आहे," त्यांनी निदान केलं.

"कसला वेळ?" मागून बेकरीवाली म्हणाली. "मी भट्टीवर जन्म काढला. डावीकडचे झालेत."

"दात काढावेत तसं वास काढतायत ते," कोणीतरी म्हणालं.

पाहता पाहता रांगेचा घोळका झाला. सगळे नाक पुढे करून उभे. एकाला लिंबाचा वास येत होता, जो मसाल्यात नव्हताच. सासरे सगळ्यांचं ऐकत, शेवटी जो मान देण्यासारखा वाटेल त्याला मान देत आणि तुकडे उलटत. सून मात्र प्रत्येक घाण्यातला एक तुकडा फोडून हाड बघत होती. एकही लाल निघाला नाही.

दुसऱ्या दिवशी रांग निम्म्यावर येईल अशी तयारी ठेवून ती गेली, तर रांग वळण घेऊन दवाखान्यापर्यंत पोचली होती. हुंगायचा मान पहिल्या नंबराला, असं लोकांनीच परस्पर ठरवून टाकलं होतं. डॉक्टर दवाखाना आणखी लवकर बंद करू लागले. जाळीपुढे वाकलेल्या माणसाचा चेहरा इतका गंभीर असायचा, की मागचे बोलणं थांबवायचे. "फिरला वास," तो म्हणायचा, आणि मागून कोणीतरी त्याला नक्की खोटं पाडायचं.

अशातच एका दुपारी सासरे ढब्बूला घेऊन खिडकीशी उभे होते. सून शेजारच्या खोलीत घड्या घालत होती. तिला अजून कसलाच वास आला नव्हता, आणि तेवढ्यात सासरे दबक्या आवाजात म्हणाले, "पोरी, हिचं बदल."

चादर हातात धरून ती दारात येऊन उभी राहिली. तिनं ढब्बूला घेतलं, डायपर उघडला. बरोबर होतं.

"बाबा, आलं?"

त्यांचे डोळे भरले होते. त्यांनी पुन्हा एकदा खोल हुंगलं, जरा जास्तच खोल, आणि तोंड वाकडं केलं. मग स्वयंपाकघरातल्या सासूचा कानोसा घेत ते सुनेच्या कानाशी आले.

"कुणाला सांगू नकोस," ते म्हणाले. "डॉक्टर बिचारे आज पहिले आहेत."