देवाजीचा तळवा

"बघा जी, बघा! आता दारापर्यंत येते का नाई!" असं ओरडत पंचफुला पदर खोचून मशीनला मिठी मारूनच उभी राहिली.

कपडे पिळायचा ड्रम फिरू लागला की ही बया जागेवर राहायला तयारच नाही. धडधड, धडधड! नंदनवनच्या त्या गल्लीत टीव्ही चार घरी आले होते, कपड्यांचं मशीन मात्र एवढं एकच. त्याचा नाच बघायला शेजारणी दारात जमायच्या. देवाजीने बटण बंद केलं.

देवाजी हा मशीन दुरुस्तीच्या दुकानातला सगळ्यात जुना मिस्त्री. चालू मशीनच्या झाकणावर उजवा तळवा ठेवायचा, डोळे मिटायचा आणि सांगायचा, पट्टा ढिला झालाय, नाहीतर कपडे एकाच बाजूला गोळा झालेत. काय हात होता त्या माणसाचा! पण गेल्या दिवाळीपासून तोच हात थरथरत होता. मालक भैय्याजी काही वाईट माणूस नव्हे, तरी सकाळी तो बोललाच, "देवाजी, नंदनवनात आपला एक मिस्त्री जाऊन आला. तुमच्यानंही नाई जमलं तं मंग दुकानातच बसा. घरोघरी नका फिरू." दुकानात बसायचं म्हणजे गिऱ्हाइकाला पाणी द्यायचं आणि पंख्याखाली म्हातारं व्हायचं. त्या विचारानेच देवाजी अर्ध्या भाकरीवरून उठला होता.

त्याने ओले कपडे ड्रममध्ये नीट पसरून दाबले. मशीन नाचलंच. पट्टा तपासला, ठीक होता. शेवटी बटण बंद करून, ड्रम थांबायची वाट बघत त्याने झाकणावर तळवा टेकला आणि डोळे मिटले. तळव्याला थरथर लागत होती.

"अजून थांबली नाई का वं?"

"केव्हाची बंद केली जी तुम्ही," पंचफुला म्हणाली.

देवाजीने हात चटकन मागे घेतला. ती त्या हाताकडेच बघत होती. मोटर गेली, दुकानात पाठवा, असं ठोकून देऊन त्याला निघता आलं असतं. पण यंत्राच्या बाबतीत हा माणूस जन्मात खोटं बोलला नव्हता.

"पोरी," तो म्हणाला, "माह्या हाताचा भरवसा नाई राहिला. तू ठेव तुहा हात. मी इचारतो, तू सांग."

पंचफुलाने तळवा टेकला. मशीन पुन्हा सुरू झालं.

"धक्का वरून येऊन राहिला का खालून?"

"खालून जी."

"कोणत्या कोपऱ्यातून?"

तिने हात फिरवला. "हा, भिंतीकडचा. इथं उडून राहिली."

"अंगणात चालवून पाह्यली होती का?"

"मागच्या मिस्त्रीनं पाह्यली नं! तिथं गरीब गाईसारखी उभी होती. आत आणली का पुन्हा तेच!"

देवाजीचा चेहरा उजळला. ओल्या फरशीवर तो सरळ आडवा झाला, बॅटरी मारली. भिंतीकडच्या पायाखाली कुंकू लावलेली सुपारी होती!

"हात नका लावू जी!" पंचफुलाची सासू रुखमाबाई लगबगीने आत आली. "लक्ष्मी घरात आली, तिच्या पायाखाली मीच ठेवली. अंगणातून आणली तवाही मीच ठेवली."

पंचफुलाने कपाळावर हात मारला. दुसरा कोणी असता तर खो खो हसला असता. देवाजीने उठून आधी हात जोडले.

"माय, तुमची लक्ष्मी आता कामाले लागली. काम करणाऱ्या बाईच्या पायाखाली कोणी काही ठेवते का? सुपारी देवघरात ठेवा. मान तिथंच."

रुखमाबाईने जरा विचार केला आणि पदर पुढे केला. देवाजीने मशीन जरा कलतं करून सुपारी काढली आणि त्यात ठेवली.

मशीन फिरलं. जागचं हललं नाही.

"काय डोकं हाय जी तुमचं!" पंचफुला म्हणाली. "भैय्याजीले सांगीन मी, पुढच्या खेपेले देवाजीभाऊलेच धाडा म्हणून."

"हात तं तुहा होता," देवाजी म्हणाला.

मग चहा आला, आणि देवाजीने हात पाठीमागे नेला. कालच एका घरी अर्धा चहा सदऱ्यावर सांडला होता, आणि घरातली पोरंसोरं हसली होती. नको म्हणावं म्हणून त्याने मान वर केली, तर पंचफुलाने मोठ्या कपात अर्धाच चहा आणला होता. तिने तो ठेवला आणि पाठ फिरवून कपडे झटकत बसली.

देवाजीने कप उचलला. हात थरथरला, पण थेंबही सांडला नाही.

रिकामा कप खाली ठेवल्याचा आवाज ऐकून ती उठली, आणि पुन्हा तेवढाच चहा ओतला.

"घ्या जी, देवाजीभाऊ. हाय अजून."