त्या ‘आपण’मध्ये

रविवारी दुपारी चारच्या सुमारास येस्पर वाल्डेनने पेनल्टीच्या ठिपक्यावर चेंडू ठेवला, आणि गोलमागच्या स्टँडमधल्या चार हजार माणसांनी एकदम त्याच्याकडे पाठ फिरवली.

शिव्या तासभर चालूच होत्या. चेंडूला पाय लावला की शिट्ट्या, कोपऱ्यापाशी गेलं की बिअरचे पेले. तो एकोणीस वर्षांचा असताना याच स्टँडने त्याच्यावर एक गाणं रचलं होतं. आज तेच गाणं चाललं होतं, फक्त त्याच्या नावाच्या जागी ‘उंदीर’ आला होता. त्याचं त्याला काही वाटलं नव्हतं. ही शांतता मात्र नवीन होती. निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या पाठीच पाठी, आणि एकही चेहरा नाही.

कठड्याला लागून, डाव्या पायावर भार टाकून उभी असलेली एक पाठ त्याने ओळखली. खुब्याचं ऑपरेशन झाल्यापासून बाबा तसेच उभे राहायचे. तेही वळले होते.

“म्हाताऱ्या, झोप लागली का?” कर्णधार रोबिन मागून ओरडला. “चुकवलास तर आमच्या बसमध्ये चढू नकोस. चालत ये.”

येस्परने चेंडू खालून, डाव्या खांबाला घासून आत घातला. हात वर केले नाहीत. अंगावर उड्या टाकणाऱ्यांना त्याने कोपराने दूर केलं आणि खाली मान घालून मध्यरेषेकडे चालू लागला.

“हसायला पैसे पडतात का रे?” रोबिन म्हणाला.

न हसणं आधीच ठरलेलं होतं. सकाळी त्याच्या बहिणीचा, उलरिकाचा फोन आला होता. “आईचा सत्तरावा वाढदिवस आहे. सामना झाला की सरळ घरी ये. बाबा तुझ्याबरोबर टेबलाशी बसायला तयार झालेत, कसे ते मला विचारू नकोस. एकच अट आहे. गोल केलास तर त्यांच्यासमोर नाचायचं नाही.”

फेब्रुवारीपासून बाबा त्याच्याशी बोलले नव्हते. स्ट्रोम्विकमध्ये क्लब दोन: बंदराचा हाम्नेन आणि स्टेशनपलीकडचा सोड्रा. वाल्डेनांचं घर बंदराचं. बाबा चाळीस वर्षं हाम्नेनचे सभासद, सामन्याच्या दिवशी सॉसेजच्या खिडकीत त्यांचीच पाळी. येस्पर तिथेच वाढला. मग हॉलंड, जर्मनी, तुर्कस्तान. देशाचा पिवळा शर्ट अठ्ठावन्न वेळा अंगावर चढला, आणि एका पावसाळी रात्री त्याच्याच गोलवर देश विश्वचषकाला गेला. प्रत्येक मुलाखतीत तो सांगायचा की शेवट घरी करणार. शेवटी आला, तेव्हा हाम्नेनच्या व्यवस्थापकाने त्याला कॉफी पाजली, गुडघ्यांची चौकशी केली आणि लहान मुलांना शिकवशील का म्हणून विचारलं. आठवड्याने त्याने सोड्राशी करार केला. हाम्नेनच्या क्लबघराच्या भिंतीवर त्याचा पिवळा शर्ट काचेत लावलेला होता. तो त्याच संध्याकाळी खाली उतरवला गेला. स्टुलावर चढून उतरवणारे बाबाच होते.

सोड्रा एक-शून्यने जिंकला. खेळाडूंच्या बोगद्याच्या तोंडाशी टीव्हीवाल्या यानिनाने त्याला अडवलं.

“पेनल्टी मिळाली ती बचावाच्या चुकीमुळे. तिथे नेमकं काय झालं?”

“मध्ये जागा मोकळी सुटली,” येस्पर धापा टाकत म्हणाला. “आपण दमलो की डावीकडे झुकतो, मग मधला एकटा पडतो. आपलं जुनंच दुखणं आहे ते.”

यानिनाच्या भुवया वर गेल्या. “आपण? म्हणजे हाम्नेन?”

स्वीडिशमध्ये ‘आम्ही’ आणि ‘आपण’ यांना मिळून एकच शब्द आहे, तोही एवढासा. घसरायला तेवढा पुरतो.

“ते,” तो म्हणाला. “ते झुकतात, असं म्हणायचं होतं.”

कॅमेऱ्यामागे कुणीतरी फिसकन हसलं.

तो आंघोळ करून येईपर्यंत ते वाक्य कपडे बदलायच्या खोलीतल्या प्रत्येक फोनवर वाजत होतं. रोबिनने त्याचा घामट शर्ट जमिनीवरून उचलून त्याच्या तोंडासमोर धरला.

“वाच. छातीवर काय लिहिलंय? मोठ्याने वाच, जर्मनीत शिकून आलायस ना.”

“जीभ घसरली, रोबिन.”

“बायकोला दुसरीच्या नावाने हाक मारली की आमच्याकडे त्याला घसरणं म्हणत नाहीत.”

हसले सगळे, पण येस्परसाठी बाकावर कुणी सरकलं नाही. व्यवस्थापक मारगारेटा दारातच उभी होती. आपल्या समर्थकांनी गाडीतळावर त्याचे दोन शर्ट पेटवल्याचं तिने हवामान सांगावं तसं सांगितलं.

“मजकूर तुझ्या फोनवर पाठवलाय. चूक झाली, हाम्नेनशी माझं नातं संपलंय, माझं घर सोड्रा. दोन ओळी. आठच्या आत तुझ्या नावाने टाक. नाही टाकलास तर उद्या दहाला सरावाला येऊ नकोस.”

“गोल मी केला, मारगारेटा.”

“गोल विसरतात रे लोक.”

वाल्डेनांचं घर रांगेतलं शेवटचं. दार उघडंच होतं. आतून कॉफीचा आणि शेपूच्या कोळंबीचा वास येत होता. येस्परने फुलं बाजूला ठेवली आणि बुटांची नाडी सोडायला तो वाकला.

“बूट राहू दे,” बाबा म्हणाले.

तो वाकलेलाच राहिला. या घरात बूट घालून कुणी आत येत नाही. मीटरवालासुद्धा काढतो.

“मी नाचलो नाही, बाबा.”

“मी पाहिलं नाही. माझी पाठ होती.”

“दिसली मला.”

“दिसावी म्हणूनच होती.” बाबांनी दाराच्या चौकटीला हात लावला. “टीव्ही मात्र पाहिला. आपण डावीकडे झुकतो म्हणे. कोण आपण?”

“तोंडातून निघून गेलं.”

“अठरा वर्षं बाहेर होतास, तेव्हा एकदाही नाही गेलं. आज त्यांचे कपडे अंगावर असताना गेलं. त्या ‘आपण’मध्ये कोण कोण होतं?”

“बाबा, आई वाट बघतेय हो,” आतून उलरिका म्हणाली. “हे भांडण उद्या काढा की.”

“मी याला विचारतोय. मी होतो त्यात?”

येस्पर उभा राहिला. नाडी अर्धी सुटलेली होती. “तुम्ही होतात.”

“मला विचारलं होतंस? मी आज सामन्याआधी सॉसेज विकत होतो, आणि लोक खिडकीशी येऊन मला म्हणत होते, काय रुने, पोरगं मोठं झालं हं. चाळीस वर्षांत माझ्याकडे कुणी असं दात काढून पाहिलं नव्हतं. जा, सांग सगळ्यांना. चूक झाली, माझा तुमच्याशी संबंध नाही, असं लिही. मग बूट काढ.”

येस्परला हसू आलं. ते त्याला आवरलं नाही.

“हसतोस?”

“मारगारेटाही हेच लिही म्हणते. अगदी हेच. आठच्या आत.”

“कोण मारगारेटा?”

“सोड्राची.”

बाबांचा चौकटीवरचा हात खाली आला. मग त्यांनी दार लोटून घेतलं. कडी लागली की नाही, ते येस्परला ऐकू आलं नाही.

तो पायरीवर बसला. शेजारच्या कुंपणावरून एका बाईने त्याच्याकडे पाहिलं, ओळखलं, आणि कपडे तसेच दोरीवर ठेवून ती आत गेली. मे महिन्यातलं ऊन अजून रस्त्यावर होतं. आत वाढदिवसाचं गाणं सुरू झालं, एकट्या उलरिकाच्या आवाजात. दुसरा आवाज उशिरा मिसळला, तोही बेसूर. येस्परने फोन काढला. दोन ओळी तयार होत्या, खाली त्याचं नाव होतं. तो अंगठा पडद्यावर धरून बसला. आठ वाजून गेले.

सोमवारी सकाळी दहाला सोड्राचा सराव सुरू झाला, तेव्हा येस्पर मैदानावर नव्हता. खुलासाही आलेला नव्हता. त्याचा फोन बंद होता, म्हणून मारगारेटाने वाल्डेनांच्या घरी फोन लावला. बराच वेळ वाजल्यावर तो रुनेंनी उचलला.

“आम्ही कॉफी घेतोय,” ते म्हणाले आणि फोन ठेवून दिला.