तुरीच्या डाळीचा डबा

मालिकेचं शीर्षकगीत सुरू झालं आणि करुणाची नजर स्वयंपाकघराकडे गेली. मालिका तिचीच. लिहिणारीही ती, निर्मातीही तीच. मुंबईत कुणी तिची एक ओळ गाळली तर ती अंगावर धावून जायची. आज मात्र सौंसरला बाबांच्या घरी बसून, आत्ताच्या आत्ता लाइन जावी, टीव्ही बंद पडावा, एवढंच तिला वाटत होतं.

तिचे बाबा, दादाराव, लेकीच्या मालिकेचा एकही भाग चुकवत नसत. त्यांच्या पोटातली गाठ वाईट आहे, हे डॉक्टरांनी महिन्यापूर्वी सांगितलं होतं. करुणाने ते बाबांपासून लपवलं आणि रिपोर्ट इथेच, तुरीच्या डाळीच्या डब्यात खुपसला. मुंबईला परतल्यावर प्रसंग सुचेना, म्हणून हेच जसंच्या तसं लिहिलं. अक्कल गहाण टाकली होती जणू! बाबा टीव्हीसमोर बसले, तेव्हा कुठे तिला उमगलं.

पडद्यावरच्या मुलीने रिपोर्ट डाळीत दडवला, डोळे पुसले. जाहिरात लागली.

दादाराव उठले.

“बाबा, काय पाहिजे? मी आणते ना.”

“बस तू. मी जाऊन राहिलो ना.”

स्वयंपाकघरात एका डब्याचं झाकण वाजलं. मग दुसऱ्याचं.

तुरीचा डबा तिसरा होता.